पिठाच्या कोठारावरचा स्लॅब

सोपस्टोन ही बार्ज बांधली जात होती तेव्हापासून लोक तिला हसत आले. सिमेंटचं जहाज! दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेच्या आरमाराला पोलाद पुरेना, तेव्हा कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्यावर मोठाले खड्डे खणले, त्यांत सळ्यांची जाळी बांधली, फळ्या ठोकल्या आणि घराचा स्लॅब टाकतात तशी ही लांबलचक पेटी ओतून काढली. तिला इंजिन नाही, शीड नाही. टगबोट ओढून नेईल तिकडे जायचं, नांगर टाकला की पडून राहायचं आणि लढायला निघालेल्या जहाजांना पीठ, घेवडा, बूट, दोरखंड, साबण, जे मागतील ते द्यायचं. कागदावर ती आरमाराची नौका होती, तिला झेंडा होता, कप्तान होता. खलाशी मात्र तिला 'फूटपाथ' म्हणत.

लाइल ओस्टबी या फूटपाथवर पाव भाजायला आला. नॉर्थ डकोटातल्या गव्हाच्या शेतावर वाढलेला, समुद्र कधी न पाहिलेला मुलगा. भरतीच्या टेबलावर विचारलं, "काय येतं तुला?" हा म्हणाला, "गहू कापता येतो, साहेब." लिहिणाऱ्याने लगेच त्याला भट्टीवर टाकलं. सरकारी अक्कल कुठेही गेलात तरी सारखीच. पण गंमत अशी, की लाइलच्या हाताला पीठ कळत होतं. बोटांनी दाबून तो सांगायचा, आता भट्टीत घाला, आता थांबा. बोलायचा कमी, हसायचा मात्र पोटभर. पुढे तो आमच्या गावात राहायला आला, तिथे हे कुणाला सांगितलं असतं तर विश्वास बसला नसता.

हसवणारा होता टेडी कुबियाक, भट्टीवरचा त्याचा जोडीदार. टोलेडो शहरातल्या पोलिश वस्तीतला, बापाचा पावाचा धंदा, आणि तोंड म्हणजे फुटका नळ.

"ए डकोटा, त्या गोळ्याला कुरवाळतोस काय? लग्न करायचंय का त्याच्याशी?"

"तू तुझं खमीर बघ. उतू चाललंय."

"जाऊ दे उतू. फूटपाथवर सांडलं तर झाडूवाला येईल."

टेडीला त्याची बहीण ब्रोन्या पत्रं लिहायची. ती तो भट्टीसमोर मोठ्याने वाचायचा आणि बहिणीच्या आवाजात स्वतःलाच शिव्या घालून घ्यायचा. लाइलने ब्रोन्याला पाहण्याआधीच तिचा आवाज असा उसना ऐकला होता.

बार्ज पॅसिफिकमधल्या उलिथीच्या प्रवाळ बेटांच्या आतल्या शांत पाण्यात नांगरून पडली. तिथे जहाजांची जत्रा भरलेली. सामान न्यायला जहाजांच्या होड्या येत, आणि परतणाऱ्या होडीवाल्यांना एक गरम पाव, मध्ये लोण्याचा गोळा दडपून, द्यायचा ही रीत टेडीने पाडली. होडीवाले लांबूनच ओरडत यायचे, "फूटपाथवाले, दुकान उघडं आहे का?" काही होड्या नेमाने यायच्या आणि मग यायच्याच बंद व्हायच्या. पहिल्यांदा लाइलने विचारलं, ती लाल केसांचा पोरगा असलेली होडी दिसत नाही हल्ली? कुणीतरी सांगितलं, ते जहाज गेलं. दुसऱ्यांदाही विचारलं. मग विचारणं सोडलं. तिथूनच त्याच्या आतलं काहीतरी बधिर व्हायला लागलं असावं. टेडी मात्र न आलेल्या होडीच्या नावाने एक पाव पाण्यात टाकायचा आणि लगेच पुढच्या होडीवाल्याची टिंगल करायचा. दोन्ही त्याला एकदम जमायचं.

या बार्जच्या डागडुजीचं सगळं पाहायचे चीफ प्रुइट. पिकल्या मिशीचे, हातात कायम छोटी हातोडी. रोज सकाळी सगळ्या भिंती ठोकत हिंडायचे. टण्ण वाजलं तर काँक्रीट सळीला घट्ट धरून आहे, ठप्प वाजलं तर आतून सुटलंय. सिमेंटच्या जहाजावर हाच डॉक्टर आणि हीच तपासणी. चीफ नव्या पोरांना सांगत, "पोलादी जहाजात कुणी खाली अडकून ठोकत राहिला तर दुसऱ्या टोकाला ऐकू जातं. इथे भिंतीपलीकडे बँड वाजला तरी कळायचं नाही. तेव्हा कुठे अडकू नका, बाळांनो."

आणि एक सवय होती, फक्त या बार्जच्या पाववाल्यांची. पाव रात्री भाजायचा, म्हणून झोपायचं दिवसा. झोपायच्या खोल्या दिवसा तापलेल्या तव्यासारख्या. भट्टीच्या बरोबर खाली पिठाचं कोठार होतं, पाण्याच्या पातळीखाली, त्या जाड भिंतींमुळे गारेगार. भट्टीच्या जमिनीत एक लोखंडी झाकण, ते उचललं की शिडी. खाली पोत्यांच्या थप्प्यांमध्ये एक बोळ ठेवलेला असे, तिथे पोत्यांवर अंग टाकलं की दुपार सरून जाई. कोठारात झोपायला सक्त मनाई होती. तरी सगळे पाववाले तिथेच झोपत, आणि कप्तानालाही ते माहीत होतं.

युद्ध संपलं. बार्ज ओढून जपानच्या ओकिनावा बेटाला आणली होती. आता जो तो घरी जायच्या गोष्टी करत होता, आणि ऑक्टोबरात ते वादळ आलं. नेमकं दुपारी आलं. टेडी जेवून "जातो झोपायला" म्हणाला होता. कुठे, ते म्हणाला नव्हता. लाइलची दाढ दुखत होती म्हणून तो भट्टीतच बसून राहिला होता. नांगराचे साखळदंड तुटले आणि हुकूम आला, सगळी झाकणं लावा. जो जिथे असेल त्याने जवळचं झाकण लावायचं, ही आरमाराची रीत. लाइलच्या पायाशी पिठाच्या कोठाराचं झाकण होतं. त्याने अंधारात वाकून हाक मारली, "टेडी!" पुन्हा मारली. वाऱ्याने स्वतःचा आवाज स्वतःला ऐकू येत नव्हता. उत्तर आलं नाही. वर गेला असेल, असं म्हणून त्याने झाकण टाकलं आणि कड्या आवळल्या.

बार्ज प्रवाळाच्या खडकावर जाऊन बसली. तळाला लांब चीर गेली, ती नेमकी पिठाच्या कोठाराखाली. वादळ ओसरल्यावर माणसं मोजली तर टेडी नव्हता. डेकवरचा एक पोरगा म्हणाला, पहिली मोठी लाट आली तेव्हा कठड्याशी पांढऱ्या एप्रनमधला कुणीतरी पाहिला. पण पांढरा एप्रन भट्टीवरच्या सगळ्यांचाच. त्या गडबडीत लाइलही एकदा कठड्याशी जाऊन आला होता. त्या पोराने टेडीला पाहिलं की लाइलला, ते त्याला स्वतःलाही सांगता येईना.

तिसऱ्या दिवशी चीफ हातोडी घेऊन भट्टीत आले आणि झाकणाभोवती ठोकू लागले. लाइल शेजारी उभा. ठप्प, ठप्प. आणि लाइलला वाटलं, चीफच्या दोन ठोक्यांनंतर खालून एक आला.

"चीफ, ऐकलंत?"

"काय रे?"

"खालून. कुणीतरी ठोकलं."

चीफ गुडघ्यांवर बसले, फरशीला कान लावला, बराच वेळ तसेच राहिले. उठले तेव्हा त्यांचा चेहरा उतरला होता. "काही नाही, बाळा. पाणी शिरलंय, पीठ फुगून वर टेकलंय, त्याचा तो बद्द आवाज. माणूस कुठला राहतोय त्यात?"

झाकण उघडू या, असं लाइल डागडुजीच्या तुकडीच्या अधिकाऱ्याला म्हणाला. अधिकारी वाईट नव्हता, दमलेला होता. कोठार पाण्याने भरलंय, बार्ज खडकावर लटकलीय, झाकण उघडलं तर पाणी वर भट्टीत येईल, आत कुणी असलाच तर पहिल्याच दिवशी संपला, असं त्याने शांतपणे सांगितलं. लाइल "होय साहेब" म्हणाला. पुढच्या आठवड्यात कुजक्या पिठाची आणि घेवड्याची अशी घाण सुटली की भट्टीत पाय ठेववेना. आत उतरून उपसायला कोण तयार होणार? सगळ्यांचे डोळे घराकडे. सिमेंटच्या जहाजावर नको असलेल्या गोष्टीचं जे करतात तेच केलं. झाकणावर सळ्या टाकल्या आणि स्लॅब ओतला. कागदावर टेडीच्या पुऱ्या नावाने लिहिलं गेलं, टाडेउश कुबियाक, समुद्रात वाहून गेला.

लाइल घरी जायच्या आधी टोलेडोला गेला. कुबियाकांच्या स्वयंपाकघरात, टोपी मांडीवर ठेवून, त्याने जेवढं सांगायचं तेवढं सांगितलं. "मी झाकण लावलं. हाक मारली होती. उत्तर आलं नाही. तो समुद्रात असेल किंवा बार्जमध्ये." टेडीची आई उठून चुलीकडे तोंड करून उभी राहिली. ब्रोन्या समोर बसली होती. चेहरा भावाचाच, फक्त रागीट.

"किती हाका मारल्यास?"

"दोन."

"तो तीन हाकांशिवाय कधी उठला नाही," ब्रोन्या म्हणाली. तिने टोमणा मारला नव्हता. खरं तेच बोलली होती, आणि म्हणूनच ते लाइलच्या आत जाऊन बसलं. खालून आलेल्या त्या एका ठोक्याबद्दल तो बोलला नाही. ते कुणाला कसं सांगायचं असतं?

त्यांचं लग्न कसं झालं हे कुणी विचारलं तर ब्रोन्या सांगायची, "मी विचारलं, तो हो म्हणाला. तो कशालाही होच म्हणतो." दुसऱ्या कुणाशी तिला टेडीबद्दल बोलता यायचं नाही, आणि लाइलला दुसऱ्या कुणापाशी गप्प बसता यायचं नाही. अशानेही संसार होतात. दोन वर्षांनी नाताळात चीफ प्रुइटांचं कार्ड आलं, त्यात एक ओळ होती. फूटपाथ खडकावरून काढली, चीर बुजवली आणि विकली. कॅनडात, ब्रिटिश कोलंबियाच्या किनाऱ्यावर एका कागदाच्या गिरणीने घेतली.

ब्रोन्याने कार्ड दोनदा वाचलं. "समुद्राला पत्ता नसतो, लाइल. बार्जला आहे. आपण तिकडे जाऊ."

लाइल हो म्हणाला.

आमच्या हॅलम खाडीत गिरणीचे ओंडके पाण्यात तरंगत असतात. लाटांनी ते उधळू नयेत म्हणून गिरणीने टाकाऊ जहाजं विकत आणून खाडीच्या तोंडाशी साखळदंडांनी ओळीने बांधून ठेवलीत, कमानीसारखी. त्या ओळीत सोपस्टोन तिसरी. त्या जहाजांची देखभाल करायला माणूस हवा होता. पावसाचं पाणी उपसायचं, साखळदंड बघायचे, भिंती ठोकायच्या. थंडीपावसाचं ते काम आमच्यातलं कुणी घेत नव्हतं. लाइलने घेतलं आणि तक्रार केली नाही. पाव त्याने पुन्हा कधी भाजला नाही. घरी ब्रोन्या भाजायची.

गावाने त्याचं नाव 'काँक्रीट' पाडलं. ते तो ऐकायचा आणि मान हलवायचा. एकदा साखळदंडात बोट सापडलं, तर हा काम करतच राहिला, मुकादम डंकनने रक्त बघून आरडाओरडा केला तेव्हा याच्या लक्षात आलं. नाताळच्या सोडतीत खारवलेल्या डुकराचा भलामोठा हॅम लागला तर तो टेबलावरच विसरून घरी आला. ब्रोन्या चिडून म्हणाली, "अरे, निदान आनंद झाल्याचं नाटक तरी कर! लोक टाळ्या वाजवत होते." लाइलने खरोखर प्रयत्न केला. तोंड हललं, आत काही झालं नाही. वाईटही वाटलं नाही. मूल झालं नाही, त्याबद्दल दोघं बोललेही नाहीत. बाई होती म्हणून टिकली, एरवी अशा माणसाबरोबर भिंतीशीच बोलायची वेळ.

आणि ब्रोन्या खरोखरच सिमेंटशी बोलायची. नोव्हेंबरच्या दुसऱ्या तारखेला, मेलेल्यांच्या दिवशी, पोलिश माणूस कबरीवर मेणबत्ती लावतो. लाइल तिला होडीतून बार्जवर न्यायचा. पडक्या भट्टीत, त्या स्लॅबवर ती काचेच्या बरणीत मेणबत्ती लावायची, शेजारी बसकण मारायची आणि भावाला वर्षभराच्या बातम्या द्यायची. पुढे पुढे ती मधल्या दिवसांतही यायला लागली, डबा घेऊन. "ऐकलंस का रे टेडी, आईचे गुडघे गेले. तो तुझा मित्र स्टाश, त्याने तिसरं लग्न केलं, निर्लज्ज मेला. आणि हा तुझा डकोटा, अजून तसाच. तू काय केलंस रे याला?" लाइल कठड्याशी पाठ करून उभा राहायचा. भिंती, डेक, सगळं तो रोज हातोडीने ठोकायचा, त्या स्लॅबला मात्र एकदाही नाही. त्या स्लॅबवर त्याचा पाय पडत नव्हता. ब्रोन्याला वाटे, आदर आहे. ती भीती होती. टेडी बोळात पोत्यांवर पडलेला असेल तर झोपेतच गेला, पाणी आलं आणि संपलं. पण शिडीवर, झाकणाखाली असेल तर? तर तो उठला होता, ठोकत होता, आणि त्या दिवशी लाइलने ऐकलं ते खरं होतं. आणि त्याच्यावर बसून ती हसत-बोलत डबा खात होती.

पंधरा-सोळा वर्षं अशी गेली. मग एका हिवाळ्यात सोपस्टोनच्या पोटातली जुनी चीर वर चढली. लाइलनेच ते ठोकून ओळखलं आणि डंकनला सांगितलं, कारण ते त्याचं काम होतं. गिरणीने ठरवलं, बार्ज खोल पाण्यात ओढून नेऊन बुडवायची. त्यासाठी बंद कोठार फोडणं भाग होतं, नाहीतर आत हवा अडकून ती अर्धवट तरंगत राहील आणि ओंडक्यांच्या वाटेत येईल. डंकन स्वतः घरी सांगायला आला, टोपी काढून. "बाई, आम्ही घाई करणार नाही. सगळं हाताने उपसू. तुमचा भाऊ असेल तर तुम्हाला मिळेल."

ब्रोन्याने त्याला रडत रडत केक वाढला. त्या दिवसापासून तिच्या पायाला भिंगरी लागली. गावच्या चर्चमागे जागा ठरवली, दगडावर नाव कोरून घेतलं, सुताराकडून हाडं ठेवायला छोटी पेटी करून घेतली, आईला टोलेडोला फोन केला, पाद्रीबाबांना वार सांगून ठेवला. बाई अठरा वर्षांनी माहेरचं माणूस आणायला निघाली होती. लाइल हे सगळं बघत होता.

सकाळी नाश्त्याच्या टेबलावर तो म्हणाला, "राहू दे ना, ब्रोन्या."

"काय राहू दे?"

"त्याला. आहे तसा बुडू दे. खलाशी होता तो."

ब्रोन्याने हातातला चमचा खाली ठेवला. "खलाशी कसला? पाववाला होता. टोलेडोचा पाववाला. त्याला मातीत ठेवायचंय मला, दगडावर त्याच्या नावाशेजारी पुढे आईचंही नाव लागेल. तुला कसली भीती वाटतेय?"

"कसलीच नाही."

"मग कोट घाल."

ब्रेकरवाल्यांनी स्लॅब फोडायला घेतला तेव्हा भुरभुर पाऊस होता. लाइल जवळ उभा होता, सगळ्यांच्या पुढे. मुकादमाला त्याने सांगितलं होतं, पहिला मी उतरणार. ब्रोन्या बाहेर डेकवर सोबत आणलेल्या त्या पेटीवर बसली होती, डोक्याला काळा रुमाल बांधून. काँक्रीट फुटलं, सळ्या कापल्या, गंजलेलं झाकण बाजूला केलं. घाण आली नाही. खाली राखाडी रंगाचं, दगड झालेलं पीठ, अगदी वरपर्यंत. लाइल गुडघ्यांवर बसला आणि टिकाव मागितला. झाकणाखालची जागा त्याने स्वतः फोडली. ढेकळं निघत गेली. शिडीची पहिली पायरी दिसली, दुसरी दिसली. तिथे कुणी नव्हतं.

तरी त्याला काही वाटलं नाही. तो खणतच राहिला. अजून बोळ होता. बोळाच्या वर दुसरं पोतं घसरून पडलेलं असू शकतं, पाण्याने माणूस कोपऱ्यात गेलेला असू शकतो. गिरणीच्या माणसांनी ढेकळं वर ओढली, डेकवर फोडून पाहिली. पहिल्या दिवशी संध्याकाळपर्यंत अर्धं कोठार झालं. ब्रोन्या दुसऱ्या दिवशीही येऊन पेटीवर बसली. दर ढेकळाबरोबर ती मान वर करायची. खाली घेवड्याच्या पोत्यांना कधीकाळी मोड आलेले होते, तेही वाळून कुरकुरीत झालेले. भिंती लागल्या, कोपरे लागले, शेवटी तळाची ती चीर दिसली, लांब असली तरी रुंदीला बोटभर, तिच्यातून माणूस जाणार नव्हता. लाइलने झाडू मागवला आणि तळ झाडला. एक बटण नाही, बुटाचा खिळा नाही, हाडाचा तुकडा नाही. पिठाच्या कोठारात पीठ होतं.

लाइल शिडी चढून वर आला. केस, भुवया, कोट, सगळं पांढरं. डंकन त्याच्याकडे बघत होता, कारण या माणसाचा चेहरा हलत होता. आधी ओठ, मग गाल, मग सगळंच. त्याने डंकनचे दोन्ही खांदे धरले. "नाहीये," तो म्हणाला, आणि मग ओरडलाच, "नाहीये! आत कुणी नाहीये!" तो बाहेर डेकवर धावला. डोळ्यांतून पाणी वाहत होतं, आणि तो हसत होता. पोटातून येणारं ते हसू आमच्या गावाने त्या दिवशी पहिल्यांदा ऐकलं.

"ब्रोन्या! त्याने नव्हतं ठोकलं! तो नव्हताच आत!"

ब्रोन्या पेटीवरून उठली. "काय नव्हतं ठोकलं?"

आणि मग त्याने सांगितलं. अठरा वर्षं जे तोंडातून निघालं नव्हतं ते घडाघडा सांगितलं, चीफची हातोडी, तो एक ठोका, होय साहेब, शिडी, सगळं. सांगताना तिचे हात धरून हलवत होता. त्याचा जीव भांड्यात पडला होता आणि त्याला वाटत होतं, ऐकणाऱ्या कुणाचाही पडेल. गिरणीचे लोक एकेक करून दुसऱ्या टोकाला निघून गेले.

ब्रोन्याने सगळं ऐकून घेतलं. मग हात सोडवून घेतले.

"म्हणजे मी कोणाशी बोलत होते?" तिने विचारलं.

लाइलला तिच्यासाठी वाईट वाटलं, इतकं की छातीत दुखलं, आणि छातीत दुखतंय याचंही त्याला बरं वाटलं. पावसाचे थेंब मानेवर पडत होते ते थंड होते. कधीपासून ते थंड लागले नव्हते. त्याने हसू आवरायला तोंडावर हात दाबला. पिठाने माखलेल्या बोटांमधूनही ते येतच राहिलं.

"हसू नकोस, लाइल," ब्रोन्या म्हणाली. तिचा आवाज अगदी सपाट होता. "माझा भाऊ आज बुडालाय."